जानेवारीत जपान: क्रौंच, ऑर्गन आणि आम्ही दोघं. मार्ग आखायला मदत हवी

येरळाकाठ:
नमस्कार मंडळी. बरीच वर्षं नुसतं वाचतोय, धागा पहिल्यांदाच काढतोय, जरा लांबेल, सांभाळून घ्या.
मार्चमध्ये बँकेतनं रिटायर झालो. मूळ गाव खानापूर तालुक्यात, सध्या सांगलीत विश्रामबागला राहतो. पक्ष्यांचा नाद शाळेपासनं. थंडीत मायणी, येरळवाडी, सूर्याचीवाडीची तळी चुकवत नाही आणि रोज सकाळी आयर्विन पुलाखाली कृष्णेच्या काठानं फिरणं आहेच. एकोणिसाव्या वर्षी कांड्या करकोच्यांचा, म्हणजे आपल्याकडं येणाऱ्या क्रौंचांचा, थवा पहिल्यांदा बघितला, शाळूच्या रानात उतरलेला, तेव्हापासनं डोक्यात एकच आहे की आयुष्यात एकदा जपानला जाऊन बर्फातले लाल माथ्याचे क्रौंच बघायचे. नोकरीत चाळीस वर्षं गेली, रजा मिळाली की लग्नकार्यं आणि दवाखाने.
आता सौ.चं सांगतो. तिचा नाद ऑर्गन. नाट्यसंगीताच्या साथीला वाजवतो तो पायानं भाता मारायचा ऑर्गन, आमच्याकडं घरात त्याला पायपेटीच म्हणतात. अजून आठवड्यातनं दोन दिवस शिकवते. तिला पक्षी आवडतात पण पहाटे चार वाजता उठून थंडीत उभं राहण्याइतके नाहीत हे मला माहीत आहे.
डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात निघून बारा-तेरा दिवस जायचा विचार आहे. एका ट्रॅव्हल एजंटनं जो प्लॅन दिलाय त्यात टोकियो, माउंट फुजी, हाकोने, क्योटो, नारा, ओसाका, हिरोशिमा सगळं आहे पण क्रौंच कुठंच नाही. विचारलं तर म्हणाला काका पक्षी काय, ओसाकाच्या मत्स्यालयात पेंग्विन आहेत की. तिथंच उठलो.
तर प्रश्न असे की क्रौंचांसाठी नक्की कुठं आणि कधी जायचं, हिचा पाच वर्षांपासनं दुखणारा गुडघा त्या थंडीत चालेल का, आणि तिच्यासाठी तिथं काय आहे. तिनं माझ्यामागं नुसतं स्वेटर घालून उभं राहावं असं मला नकोय. दोघांचं मिळून पाच-साडेपाच लाखांपर्यंत जमेल.

माहुलीसंगम:
दादा, धागा वाचून फार बरं वाटलं. मी साताऱ्याची, येरळवाडीला आपण बहुतेक भेटलोय, तुमच्याकडं ती जुनी जाड पट्ट्याची दुर्बीण आहे ना?
पहिली गोष्ट म्हणजे क्रौंचांसाठी जपानात दोन अगदी वेगळ्या जागा आहेत आणि लोक त्यांची गल्लत करतात. लाल माथ्याचे, जपानी लोक ज्यांना तान्चो म्हणतात ते, उत्तरेला होक्काइदो बेटावर कुशिरोच्या दलदलीत. ते तिथलेच रहिवासी, वर्षभर असतात, फक्त थंडीत दलदल गोठली की त्सुरुई गावाजवळच्या दाणा टाकायच्या जागांवर एकत्र येतात, म्हणून बघायला सोपे. दुसरी जागा एकदम दक्षिणेला क्यूशू बेटावर, कागोशिमा प्रांतात इझुमी. तिथं सायबेरियाकडनं कोरियामार्गे स्थलांतर करून येतात, काळपट अंगाचे हूडेड क्रेन आणि पांढऱ्या मानेचे. दरवर्षी दहा हजारांच्या वर. जगातले बहुतेक हूडेड क्रेन थंडीत त्या एवढ्याशा भातखाचरात असतात.
एकच निवडायचं असेल तर स्वप्न तुमचं बर्फातलं आहे, कुशिरोच करा. पण इझुमीचा आवाज... मी २०१९ ला गेले होते. अजून उजाडलेलं नव्हतं, भाताच्या खोडक्यांत धुकं होतं आणि त्या धुक्यातनं हजारो गळे एकदम. पक्षी दिसायच्या आधी पंधरा-वीस मिनिटं मी नुसती ऐकत उभी होते.

खणभाग:
साहेब, राग मानू नका, पण वयाच्या साठीत, भाषा येत नाही, उणे वीसची थंडी, एकट्यानं जाणं मला पटत नाही. आम्ही दोनदा ग्रुप टूरनं युरोप केला. वेळेवर जेवण, पोहे-उपमा, आजारी पडलं तर माणूस सोबत. हिचा पाय सुजला होता तर टूर मॅनेजरनं व्हीलचेअर आणून दिली. टूरनं जावा आणि पुढं चार दिवस वाढवून घ्या की. ते बघा.

माहुलीसंगम:
खणभागकाका, टूरचा आधार असतो हे खरंच आहे, आईला मी टूरनंच पाठवलं होतं. पण माझा स्वतःचा अनुभव सांगते. एका टूर कंपनीबरोबर दुसऱ्या एका देशात गेलेले, नाव नको, तिथं एका तळ्यावर रानबदकं आणि हंस, एवढं मोठं तळं, आणि आम्हाला दिले चाळीस मिनिटं. त्यातली वीस स्वच्छतागृहाच्या रांगेत. बस निघाली तेव्हा पलीकडच्या काठावर हंस उतरत होते आणि मी काचेला नाक लावून बघत होते. त्या दिवशी ठरवलं, नादासाठी जायचं तर गाडीची किल्ली आपल्याकडं, म्हणजे वेळ आपल्याकडं.

नागोयातला_इस्लामपूरकर:
काका नमस्कार! मी इस्लामपूरचा, सहा वर्षं झाली नागोयाला आहे, गाड्यांच्या कंपनीत. तीन थंड्या कुशिरोला गेलोय त्यामुळं जरा सविस्तर लिहितो.
आधी तारखा बदला. डिसेंबरचा शेवटचा आठवडा नको. २९ डिसेंबर ते ३ जानेवारी इथं नवीन वर्षाची सुट्टी, आपल्या दिवाळीसारखं सगळं जग गावाकडं निघतं, म्युझियम बंद, बरीच दुकानं हॉटेलं बंद, रेल्वेत उभं राहायला जागा नाही आणि राहायचे दर डबल. १० जानेवारीनंतर या. दर उतरतात, गर्दी नसते आणि कुशिरोत खरी थंडीही तेव्हाच असते.
आता कुशिरोचं. पहिला गैरसमज म्हणजे कमरेएवढा बर्फ. होक्काइदोच्या पश्चिमेला तसा पडतो पण कुशिरो पूर्वेला पॅसिफिकच्या बाजूला, थंडीत आकाश निळं, बर्फ कमी, हवा कोरडी. थंडी मात्र कडक, पहाटे उणे पंधरा, कधी उणे वीस. त्सुरुई गावात ओतोवा नावाचा पूल आहे, खालनं सेत्सुरी नदी वाहते. झऱ्यांचं पाणी असल्यामुळं ती नदी गोठत नाही म्हणून रात्री क्रौंच पाण्यातच एका पायावर झोपतात, कोल्ह्यापासनं सुरक्षित. पहाटे पाणी हवेपेक्षा गरम असतं त्यामुळं नदीतनं वाफ उठते, ती काठच्या झाडांवर गोठते, फांद्या पांढऱ्या होतात, आणि त्या वाफेत लांबवर ते पक्षी. पुलावर सगळे फोटोवाले ओळीनं उभे असतात, कोणी मोठ्यानं बोलत नाही. जानेवारीत साधारण सात वाजता सूर्य उगवतो, साडेसहाला पोचलात तरी चालेल, पहाटे चारला उठायची गरज नाही. काकूंना सांगा.
आणि दुपारी चारला सूर्य मावळतो! त्यामुळं दिवस छोटा धरा, एका दिवसात एकच जागा.

येरळाकाठ:
इस्लामपूरकर, तुमचं वाचून काल रात्री झोप नाही आली, खरंच सांगतो. पाण्यात झोपतात हे पुस्तकात वाचलं होतं पण झऱ्याच्या पाण्याचं कारण आज कळलं.
अजून एक विचारतो, होक्काइदोतल्याच रौसूला समुद्रावरच्या तरंगत्या बर्फावर बसलेले ते मोठे गरुड, पिवळ्या चोचीचे स्टेलर्स, ते याच फेरीत जमतील का? आणि नागानोची गरम पाण्यात बसणारी माकडं?

नागोयातला_इस्लामपूरकर:
काका, रौसू सोडा या वेळी. समुद्रातला बर्फ वरनं ओखोत्स्ककडनं वाहत येतो, रौसूच्या किनाऱ्याला तो लागायला जानेवारीचा शेवट, फेब्रुवारी उजाडतो. तुम्ही जानेवारीच्या मध्यात येणार, गरुड दिसतील एखाद-दुसरे पण बर्फावर बसलेले नाहीत. त्यापेक्षा कुस्शारो तळ्यावर जा, तिथं काठाच्या वाळूखाली गरम पाणी आहे म्हणून तेवढा काठ गोठत नाही आणि हूपर हंस अगदी पायापाशी येतात.
माकडांचं म्हणाल तर जिगोकुदानीला बस थांब्यापासनं जंगलातनं दीडएक किलोमीटर घट्ट झालेल्या बर्फावर चालायचं. काकूंच्या गुडघ्याला ते बरं नाही. मी आईला घेऊन गेलेलो, परत येताना तिला दोनदा बसावं लागलं.

वाईकर_डॉक्टर:
मी डॉक्टर, त्यामुळं तेवढंच लिहिते. गुडघ्याला थंडीपेक्षा घसरण वाईट. जपानात बर्फ झालेल्या फुटपाथसाठी बुटाला खालनं लावायच्या रबरी काटेरी पट्ट्या मिळतात, पहिल्याच दिवशी घ्या. निघायच्या आधी दोन महिने मांडीच्या स्नायूंचे व्यायाम रोज, फिजिओकडनं शिकून.
औषधांचं जपून. जपानचे नियम कडक आहेत. स्यूडोएफेड्रिन असलेल्या सर्दीच्या गोळ्या आणि कोडीनचं खोकल्याचं औषध अजिबात नेऊ नका, आपल्याकडं ते सर्रास मिळतं म्हणून लोक बॅगेत टाकतात. बीपी-शुगरची रोजची औषधं महिन्याभरापर्यंतची मूळ पाकिटात आणि चिठ्ठीसकट न्या, ती हातातल्या बॅगेत ठेवा, चेक-इनच्या नाही.

मिरजेची_तार:
सगळे पक्ष्यांवर बोलताय, वहिनींच्या ऑर्गनचं कोणी बोलंना, म्हणून मी लिहितो. आमचं घर मिरजेत सतारमेकर गल्लीच्या बाजूला, वडील तंबोऱ्याच्या जवारी लावायचे, म्हणजे घोडीवर तारेखाली धागा बसवून सूर गुंजता करायचे, मी स्वतः पेट्या दुरुस्त करतो. २०१७ ला एका मंडळाबरोबर जपानला गेलो होतो.
वहिनींना हामामात्सुला घेऊन जावा. टोकियो आणि क्योटोच्या मधोमध आहे, बुलेट ट्रेनच्या वाटेवरच. यामाहा या वाद्यांच्या कंपनीचं गाव, पियानोवाल्या कावाईचंही. गोष्ट ऐका. १८८७ साली तिथल्या एका प्राथमिक शाळेतला परदेशी ऑर्गन बिघडला. तोराकुसु यामाहा नावाचा माणूस, तेव्हा घड्याळं आणि दवाखान्यातली उपकरणं दुरुस्त करायचा, त्याला बोलावलं. त्यानं उघडून बघितला तर आत स्प्रिंगा मोडलेल्या. दुरुस्त केलाच, पण आतल्या सगळ्या भागांची चित्रं काढून घेतली आणि म्हणाला हा मी बनवू शकतो. बनवला. मग त्यानं आणि त्याच्या जोडीदारानं तो ऑर्गन कावडीसारखा खांद्यावर घेतला आणि हाकोनेचा घाट ओलांडून टोकियोपर्यंत चालत नेला, अडीचशे किलोमीटर, संगीत संस्थेत तपासून घ्यायला. तिथं सांगितलं, बनावट चांगली आहे पण सूर बरोबर नाहीत. तर तो महिनाभर तिथंच राहून सूर लावायचं शास्त्र शिकला, परत येऊन दुसरा बनवला. आजही यामाहाच्या चिन्हात तीन ट्युनिंग फोर्क आहेत बघा.
मी सूर लावणारा माणूस. ही गोष्ट तिथं उभं राहून ऐकली तेव्हा अंगावर काटा आला. वडील एकेका जवारीला दोन-दोन तास द्यायचे, धागा कागदाच्या जाडीएवढा इकडं तिकडं सरकवत, कान लावून. सूर चुकलाय म्हटल्यावर घाट चढून आलेला माणूस चिडला नाही, शिकायला बसला.

मिरजेची_तार:
राहिलंच. स्टेशनजवळ चालत दहा मिनिटांवर महापालिकेचं वाद्यांचं म्युझियम आहे, १९९५ चं, सगळ्या जगातली वाद्यं, आणि कानाला हेडफोन लावून प्रत्येकाचा आवाज ऐकता येतो. कीबोर्ड वाद्यांचं दालन वेगळं. एक दिवस पुरत नाही. शिवाय यामाहा कंपनीचं स्वतःचं प्रदर्शन आहे, आधी बुकिंग करावं लागतं, तिथं काही वाद्यं वाजवूनही बघता येतात.

पायपेटी:
नमस्कार. मी 'येरळाकाठ' यांची सौ. यांनी धागा वाचायला दिला तेव्हा मी कणीक मळत होते, हात धुऊन बसले ते सगळं वाचूनच उठले. मग हे खातं काढलं.
मिरजेची तार, तुमचे फार आभार. मला हे काहीच माहीत नव्हतं. माझा ऑर्गन माझ्या गुरुजींचा, त्यांना एका बंद पडलेल्या नाटक कंपनीकडनं मिळालेला. लोकांना पेटी आणि ऑर्गन एकच वाटतं पण पेटीत भाता हवा सुरांमधनं बाहेर ढकलतो आणि या अमेरिकन पद्धतीच्या ऑर्गनमध्ये हवा आत खेचली जाते, म्हणून त्याचा सूर गोल येतो, गाणाऱ्याच्या आवाजाखाली सतरंजीसारखा पसरतो. दोन्ही हात मोकळे राहतात. आणि पायाचं सांगते, लोकांना तो दिसत नाही पण सगळं गाणं पायात असतं, गाणारा श्वास घेतो तिथं पाय हलका करायचा. माझा गुडघा दुखायला लागला तेव्हा मला पहिली भीती चालण्याची नव्हती, याची होती.
त्यामुळं मला हामामात्सुला पूर्ण दोन दिवस हवेत. घाईनं नाही.
आणि यांना एक सांगायचंय, घरात सांगितलं असतं पण इथं लिहिते. मी तुमच्यामागं स्वेटर घालून उभी राहणार नाही. मी पुलावर येणार आहे. माहुलीसंगमताईंनी इझुमीच्या धुक्यातल्या आवाजाचं जे लिहिलंय तेही मला ऐकायचंय. सात वाजताचा सूर्योदय असेल तर गुडघ्यालाही चालेल.

माहुलीसंगम:
वहिनी, मग तुमच्यासाठी एक खास गोष्ट. तान्चोची जोडी एकत्र हाक देते, मान मागं टाकून, चोच आभाळाकडं. नर एकदा, आणि मादी त्याला लगेच दोनदा. इतकं एकात एक गुंफलेलं असतं की डोळे मिटले तर एकाच पक्ष्याचा आवाज वाटतो. तुम्ही कानाच्या माणूस, तुम्हाला दोन वेगळे ऐकू येतील. थंडीत तोंडातनं वाफ निघते त्यामुळं कोणी कधी हाक दिली ते डोळ्यांनाही दिसतं.
आणि हे पक्षी आज आहेत हेच केवढं. शिकार आणि दलदली बुजवल्यामुळं जपानात संपलेच असं धरलेलं, १९२४ मध्ये कुशिरोच्या दलदलीत थोडेसे सापडले. पुढं १९५० च्या आसपास कडक थंडीत तिथल्या शेतकऱ्यांनी मका टाकायला सुरुवात केली, तेव्हापासनं वाढत वाढत आता दीड हजाराच्या वर गेलेत. शेतकऱ्यांनी स्वतःच्या कणगीतला मका दिला. आपल्या खटाव-माणात तळं आटलं की आपण काय करतो याचा मी फार विचार करते.

येरळाकाठ:
सौ.चा प्रतिसाद मी पण इथंच वाचला. काय लिहावं सुचेना. हामामात्सु दोन दिवस पक्कं. क्योटोचा एक दिवस कमी करतो.
मग ढोबळ असं होतंय बघा: टोकियो दोन रात्री, हामामात्सु तीन रात्री म्हणजे मधले दोन दिवस पूर्ण, क्योटो दोन, इझुमी दोन, तिथनं कागोशिमाहून विमानानं टोकियोचं हानेदा, विमान बदलून कुशिरो, त्सुरुईत तीन रात्री, परत टोकियो एक रात्र. इझुमी ठेवू का काढू? प्रवास फार होतोय का? तो सगळीकडं चालणारा रेल्वे पास काढायचा का?

नागोयातला_इस्लामपूरकर:
इझुमी ठेवा काका. एवढं लांब येऊन दोन्ही क्रौंच एका फेरीत बघणारे आपल्याकडचे कितीसे असतील. बुलेट ट्रेन थेट इझुमीला थांबते, फुकुओकाच्या हाकाता स्टेशनहून सव्वा तासाच्या आसपास. फक्त कुशिरोच्या विमानाच्या दिवशी दुसरं काही ठेवू नका, तो दिवस प्रवासाचाच.
पास नको. ऑक्टोबर २०२३ मध्ये त्याचा दर एकदम वाढला, सात दिवसांचा पन्नास हजार येन झाला. टोकियो ते हामामात्सु आठ हजारांच्या आसपास, क्योटो ते हाकाता सोळा हजार, तुमच्या मार्गाची सगळी तिकिटं सुटी घेतली तरी पन्नासला पोचत नाही. सुटीच घ्या. हामामात्सुला सगळ्यात वेगवान नोझोमी थांबत नाही हे लक्षात ठेवा, हिकारी किंवा कोदामा बघायची आणि हिकारीही मोजक्याच थांबतात. टोकियोहून जाताना उजव्या बाजूची ई सीट मागा, थंडीत हवा स्वच्छ असते, फुजी पायथ्यापासनं शेंड्यापर्यंत दिसतो. एजंट ज्याचे पैसे घेत होता ते तिकिटातच झालं.
मोठ्या बॅगा ओढत फिरू नका. हॉटेलच्या काउंटरवर बॅग दिली की पुढच्या शहरातल्या हॉटेलात एक-दोन दिवसांत पोचते, ताक्क्यूबिन म्हणतात. काकूंच्या गुडघ्याला याच्याइतकं दुसरं काही उपयोगाचं नाही.
होक्काइदोत स्वतः गाडी चालवायचं मनात असेल तर काढून टाका. आंतरराष्ट्रीय परवाना काढला तर चालतो, पण रस्त्यावर काचेसारखा बर्फ असतो, दिसत नाही. त्सुरुई गावातच राहा, तिथली छोटी लॉजवाली मंडळी पहाटे पाहुण्यांना पुलावर सोडतात, बुकिंग करतानाच विचारून घ्या.

माहुलीसंगम:
इझुमीचं एक. २०२२ च्या थंडीत तिथं बर्ड फ्लू आला आणि हजाराहून जास्त क्रौंच गेले. एकाच जागी एवढे पक्षी असले की हीच भीती. म्हणून आता तिथं बुटांना जंतुनाशक लावून घेतात, खाचरांकडचे रस्ते बंद असतात, निरीक्षण केंद्रातनंच बघायचं. कोणी कितीही जवळनं दाखवतो म्हणाला तरी जायचं नाही. तिथल्या शाळेतली मुलं दर थंडीत पहाटे क्रौंचांची मोजणी करतात, मोजणीचा दिवस तुमच्या तारखांत आला तर लांबून बघा. मी बघितली. आठवी-नववीची पोरं, हातात मोजणीची यंत्रं, अंधारात, एक शब्द नाही.

खणभाग:
वाचतोय सगळं. मी टूरच्या बाजूचा असलो तरी हा प्लॅन चांगला होतोय हे कबूल. जेवणाचं मात्र बघा, आमच्या शेजारचे जपानला गेले तर पाच दिवस केळी आणि ब्रेडवर काढले. तुम्ही दोघं शाकाहारी का?

पायपेटी:
हो, दोघंही. अंडंही नाही.

नागोयातला_इस्लामपूरकर:
काकू, इथं अडचण मांसाची नाही, दाशीची. माशाच्या वाळवलेल्या चुऱ्याचं पाणी, सूपमध्ये, सॉसमध्ये, नुसत्या भाजीतही. समोर फक्त टोफू आणि भाजी दिसते आणि लोक खातात. क्योटोत देवळांमधलं शोजिन र्‍योरी पूर्ण शाकाहारी असतं, एकदा नक्की जेवा, तिळाचा टोफू फार सुंदर. मोठ्या शहरांत भारतीय हॉटेलं आहेत. त्सुरुईत मात्र लॉजवाल्यांना आधीच लिहून कळवा, नाहीतर सोबत नेलेलंच खायची तयारी ठेवा. चोवीस तास उघड्या दुकानांत उमेबोशी घातलेला भाताचा गोळा मिळतो, आंबट-खारट, आपल्या लोणच्या-भातासारखा. पाकिटावर काय काय घातलंय ते फोनच्या भाषांतरात बघून घ्यायचं.
घरनं मेतकूट, उपम्याचं पीठ, शेंगदाण्याची चटणी, खाकरे आणा. ताजी फळं, भाजी, ताजा कढीपत्ता, बियाणं आणू नका, विमानतळावर काढून घेतात. आणि काकू, जमलं तर माझ्यासाठी अर्धा किलो सांगलीचं भडंग. सहा वर्षं झाली.

पायपेटी:
अर्धा कशाला, एक किलो आणते. लसूण जास्त घातलेलं की कमी ते सांग.

नागोयातला_इस्लामपूरकर:
जास्त काकू. आणि मी हामामात्सुला भेटायला येतो, नागोयाहून फार लांब नाही. म्युझियममध्ये भाषेची अडचण आली तर सोबत असेन.
काका, कॅमेऱ्याचं महत्त्वाचं. पहिल्या वर्षी मी पुलावरनं थेट लॉजमध्ये शिरलो, आत शेगडी, दोन मिनिटांत लेन्सवर आतनं-बाहेरनं पाणी. तो दिवस कॅमेरा बंद. तेव्हापासनं बाहेरच, थंडीतच, कॅमेरा प्लास्टिकच्या पिशवीत घालून तोंड घट्ट बांधतो, मग आत नेतो आणि दोन तास उघडत नाही. बॅटऱ्या थंडीत अर्ध्याही टिकत नाहीत, दोन जास्तीच्या शर्टाच्या आतल्या खिशात, अंगाच्या उबेला. हातमोजे दोन, आत पातळ, बाहेर जाड. काइरो नावाच्या गरम पुड्या मिळतात, त्या कपड्यावर चिकटवायच्या, कातडीला नाही. काकूंनी एक गुडघ्यावर, पँटच्या वरनं.
चार्जरला दोन चपट्या पायांचा अडॅप्टर लागतो, व्होल्टेज शंभर आहे, फोन-कॅमेऱ्याचे चार्जर चालतात.

वाईकर_डॉक्टर:
पुडीला हरकत नाही पण पँटच्या आत थर्मल असलाच पाहिजे, आणि झोपताना पुडी काढायची. हळू तापून कातडी भाजते, कळत नाही.

येरळाकाठ:
व्हिसाचं विचारायचं राहिलं होतं ते आज होऊन आलो म्हणून इथं लिहितो, पुढच्या कोणाला उपयोग होईल. आता कागदाचा स्टिकर नसतो, एप्रिल २०२४ पासनं भारतीयांना टुरिस्ट ई-व्हिसा आहे, पण अर्ज केंद्रावर जाऊनच द्यावा लागतो. बँकेचं स्टेटमेंट, इन्कम टॅक्स रिटर्न आणि रोजचा कार्यक्रम लिहून द्यायचा. कार्यक्रमात मी 'सकाळ: क्रौंच निरीक्षण' असं लिहिलं. काउंटरवरच्या मुलीनं वाचलं आणि वर बघून विचारलं, सर हा कुठला पक्षी? मी फोनमधला फोटो दाखवला. मागं रांग होती तरी तिनं नीट बघितला.
मंजूर झाला की विमानतळावर तो फोनवर इंटरनेट लावून दाखवायचा, स्क्रीनशॉट चालत नाही, हे तिनंच सांगितलं.

मिरजेची_तार:
वहिनी, जायच्या आधी तुमचा ऑर्गन एकदा बघायला येऊ का? भात्याचं कापड जुनं झालं असेल तर बदलू. आणि पायाचा पेडल जरा वर उचलून बसवता येतो, गुडघा कमी वाकेल. आमच्याकडं एका बुवांचा तसा करून दिलाय, ते आता तासभर वाजवतात.

पायपेटी:
या ना, गुरुवार सोडून कधीही या. पेडल वर घेता येतो हे मला इतक्या वर्षांत कोणी सांगितलं नाही.

पायपेटी:
'मिरजेची तार' आले होते. दोन तास बसले, भाता उघडला, आतल्या एका पट्टीवर पेन्सिलीनं कोणीतरी पूर्वी सुरांची नावं लिहिलेली निघाली, मराठीत, बहुतेक गुरुजींच्याही आधीच्या कोणाच्या हातची. 'ध' जरा पुसट झालाय. त्याचा फोटो काढून घेतलाय, हामामात्सुत तिथल्या लोकांना दाखवणार आहे. पेडल दीड इंच वर घेतला. काल रात्री चाळीस मिनिटं सलग वाजवलं.

येरळाकाठ:
व्हिसा आला. १२ जानेवारीला मुंबईहून निघतोय. त्सुरुईच्या लॉजवाल्या बाईंनी उत्तर पाठवलंय, पहाटे सव्वासहाला पुलावर सोडतील, जेवणात मासा नाही हे त्यांना नीट कळलंय, भात, भाज्या आणि भोपळ्याचं सूप देते म्हणाल्या. नवीन दुर्बीण घेतली, हलकी, हिलाही धरता येईल अशी. हिच्या डोळ्यांच्या अंतराला बसवून ठेवलीय, मी हात लावत नाही.

माहुलीसंगम:
दादा, येरळवाडीला पट्टकदंब उतरलेत, काल चाळीसएक मोजले. रविवारी सकाळी साडेसहाला बांधावर भेटू. वहिनींना आणा, दुर्बीण त्यांच्या गळ्यात घाला, आणि हातमोज्यांचे दोन्ही जोड घालून या म्हणजे मोजे घालून फोकस फिरवता येतोय का ते इथंच कळेल.